सिमेंटात मुरलेलं कुंकू

मी गुडघ्यांवर होते. हातात मोटारीची चाकं घासायचा ब्रश. बाजूला नारिंगी बादली. समोर घराची पायरी, आणि पायरीवर मीच सकाळी काढलेली गौरीची पावलं. ती मी घासून काढत होते.

कुंकू सिमेंटात मुरतं. फरशीवर असतं तर फडक्यानं पुसून गेलं असतं. सिमेंटावर पाणी पडलं की पसरतं, आणि घासावं तेवढं लाल होत जातं. माझे हात कोपरापर्यंत लाल झाले होते. साडीचे काठ लाल. दारात बायका उभ्या होत्या. पैठण्या नेसलेल्या, हातात कागदाच्या प्लेटा. प्लेटांत मी केलेल्या पुरणपोळ्या.

"उंबऱ्याकडचं राहिलं बघ," सासूबाई म्हणाल्या. ज्या ताईंच्या घरी मी कामाला होते, त्यांच्या या सासूबाई. दोन आठवड्यांपूर्वी पुण्याहून आलेल्या.

"आई, नंतर करतील ना त्या. लोक आलेत," साहेब म्हणाले. साहेब म्हणजे त्यांचा मुलगा.

"लोक आलेत म्हणूनच आत्ता."

एक पाहुणी म्हणाली, "यार, आजकाल हे कोण मानतं?" म्हणाली आणि पोळीवर तूप घेतलं.

ताईंची नऊ वर्षांची मुलगी पायरीशी आली. "ग्रँडमा, व्हाय इज शी वॉशिंग इट? इट वॉज प्रिटी."



दुपारचा एक वाजला होता. लख्ख ऊन. शिकागोतला साधा रस्ता, दोन्ही बाजूंना विटांची घरं, डेव्हन ॲव्हेन्यूपासून चालत दहा मिनिटं. तिथे साड्यांची दुकानं आहेत, मिठाईची आहेत, आणि सासूबाईंनी हातात धरलेली गोमूत्राची बाटलीही तिथलीच. मी घासायचं, त्यांनी मागून शिंपडायचं, असं चाललं होतं.

सकाळपर्यंत मी मावशी होते.

इथे गौरी तिथी बघून येत नाहीत, शनिवार बघून येतात. येणं आणि जेवणं एकाच दिवशी उरकतात. ताईंना पावलं काढता येत नव्हती. सासूबाईंचे गुडघे वाकत नव्हते. त्याच म्हणाल्या, "मावशी, तुम्ही काढा हो. तुमचा हात छान आहे." माझ्या घरी गौरी नाहीत. आम्ही बौद्ध. पण पुण्यात चाळीस वर्षं लोकांचा स्वयंपाक केला, लोकांच्या गौरी मला पाठ आहेत. मूठ कुंकवात बुडवायची, जमिनीवर टेकवायची, वर बोटांनी पाच ठिपके. फाटकापासून दारापर्यंत अठरा पावलं काढली. ताई मुखवटे घेऊन त्यांवरून चालत आल्या. सासूबाईंनी विचारलं, "गौरी आली, कशाच्या पावलानं आली?" ताई म्हणाल्या, "सोन्याच्या पावलानं." सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. फोटो काढले.

मग माझा फोन वाजला. माझी मुलगी पुण्याहून झोपायच्या आधी फोन करते. एरवी मी फोन घेऊन बेसमेंटमध्ये जायची. चार महिने तसंच केलं होतं. त्या दिवशी दोन्ही हात पुरणात होते. ताईंच्या मुलीनं फोन उचलला आणि स्पीकर लावून माझ्यासमोर धरला.

"जय भीम, आई."

"जय भीम, बाळा," मी म्हटलं.

जन्माची सवय. तोंडातून आपोआप जातं. समोर सासूबाई नैवेद्याचं ताट वाढत होत्या. त्यांच्या हातातला डाव थांबला.

"काय म्हणालीस?"

सकाळी मी 'तुम्ही' होते. जेवणाआधी 'तू' झाले.

मी जात लपवली, असं त्या म्हणाल्या. मी लपवली नव्हती. कोणी विचारलं नव्हतं, मी सांगितलं नव्हतं. चार महिने माझ्या हातचं खाऊन साहेबांचं वजन वाढलं होतं. सासूबाईंनी नैवेद्याचं ताट कचऱ्यात टाकलं. पोळ्यांचं काय करायचं, ताईंनी हळूच विचारलं. पन्नास माणसं जेवायची होती. दुसरं काही केलेलं नव्हतं. म्हणून पोळ्या शुद्ध ठरल्या. पावलं तेवढी बाटली.

तर मी घासत होते. तेव्हा शेजारचं दार उघडलं.

त्या घरात एक म्हातारी एकटी राहायची. नव्वदी कधीच ओलांडलेली. मी तिला खिडकीत बघायची, बोलणं नव्हतं. ती वॉकर ढकलत गवतातून आली. पायात घरातल्या सपाता. एवढीशी बाई, पण आवाज सगळ्या रस्त्याला ऐकू जाईल असा.

"गेट अप! गेट अप, मिसेस!"

मला वाटलं दुसऱ्या कोणाला म्हणतेय. मला कधी कोणी मिसेस म्हटलं नव्हतं.

साहेब हसून पुढे झाले. "इट्स ओके, मॅम. इट्स अवर रिलिजस थिंग."

"आय नो धिस थिंग," म्हातारी म्हणाली. "आय नो व्हेरी वेल धिस थिंग."

मग ती म्हणाली, आज शनिवार आहे. शनिवारी मी फोनला हात लावत नाही. आज लावते. पोलिसांना बोलावते.

त्यातला पोलिस हा शब्द मला तेव्हाच कळला. मला लघवी झाली. बादलीचं पाणी सगळीकडे होतं म्हणून कोणाला दिसलं नाही.

मी तिच्यापुढे हात जोडले. "नो पोलिस. प्लीज. नो पोलिस." ज्यांनी मला गुडघ्यांवर बसवलं त्यांच्यापुढे मी हात जोडले नव्हते. उठ म्हणणारीपुढे जोडले. भीती माणसाला अशी उलटी करते.

म्हातारीनं फोन केला नाही. पण गेली नाही. वॉकर धरून गवतात उभी राहिली. पाहुणे एकेक करून आत गेले. हातांची सालं निघेपर्यंत मी अठराच्या अठरा पावलं घासली. शेवटचं होईपर्यंत ती उभी होती.

माझी भीती काय होती ते सांगते.

माझा पासपोर्ट ताईंच्या कपाटात होता. विमानतळावरून घरी आलो त्याच दिवशी त्यांनी मागून घेतला. "मावशी, हरवला तर पंचाईत. मी सांभाळते." मी दिला. कपाटाला कुलूप. मी सहा महिन्यांच्या व्हिसावर आले होते. कागदावर मी ताईंची सख्खी मावशी होते, भाचीकडे भेटीला आलेली. विमानतळावरच्या अधिकाऱ्यानं विचारलं तर काय बोलायचं, ते त्यांनी फोनवर पाठ करून घेतलं होतं. कागदावर घरची, आणि झोपायला बेसमेंटमध्ये, कपडे धुवायच्या मशीनशेजारी.

मुदत संपायला दोन महिने राहिले होते. ताई म्हणायच्या, "संपू दे हो. इथे लाखो लोक राहतात तसे. फक्त बाहेर पडायचं नाही. आता कागद नसलेल्यांना रस्त्यावरून उचलतात." ते खोटं नव्हतं. डेव्हनवरच्या दुकानांतली माणसंसुद्धा काळी काच लावलेली गाडी दिसली की आत जात होती. बसस्टॉपवरून एका बाईला नेलं, असं मीच ऐकलं होतं. मी कचऱ्याचा डबा रस्त्यावर ठेवायला जायची तेवढीच बाहेर. जाताना दोन्हीकडे बघायची.  चौथी शिकलेली बाई. इंग्रजी बोर्ड वाचता येत नाही. कागद नाही. मला उचललं तर मी कोण, हे सांगणार कोण?

गौरीनंतर माझा कप वेगळा झाला. निळ्या दांड्याचा. तो घरात ठेवायचा नव्हता. चहा प्यायचा, विसळायचा आणि मागच्या दाराबाहेर पायरीवर पालथा घालायचा. ताई खाली मान घालून म्हणाल्या, "मावशी, माझ्या मनात तसलं काही नाही हो. आई जाईपर्यंत ॲडजस्ट करा." ताई शिकलेल्या. मोठ्या कंपनीत. माझ्यापेक्षा त्यांना सगळं जास्त कळत होतं. म्हणून त्यांचा राग मला सासूबाईंपेक्षा जास्त येतो.

स्वयंपाक मात्र मीच करायची. तो कोणाला जड नव्हता.

एका दुपारी मी डबा ठेवायला गेले. सासूबाई टीव्हीवर मालिका लावून आरामखुर्चीत घोरत होत्या. म्हातारीनं खिडकीवर टकटक केली, हातानं ये म्हणाली. मी रस्त्याकडे बघितलं आणि पटकन आत शिरले. रस्त्यावर उभं राहण्यापेक्षा ते बरं वाटलं.

तिनं चहा केला. तिचं कपाट उघडं होतं. आत भांड्यांचे दोन गठ्ठे. एक निळ्या काठाचा, एक पांढरा. मोऱ्यासुद्धा दोन.  इथेपण आहे तर. मी उभ्यानंच चहा प्यायले. कप विसळला. मागचं दार उघडून बाहेर पायरीवर पालथा घालून आले.

म्हातारी बघत राहिली. "व्हाय माय कप इज आउटसाइड?"

मी माझ्याकडे बोट केलं. मग कपाटाकडे. दोन गठ्ठ्यांकडे. "यू, धिस. मी, दॅट. आउटसाइड."

तिला कळायला वेळ लागला. कळलं तेव्हा तिचा चेहरा लाल झाला. ती उठली, वॉकर न घेता भिंत धरत गेली, कप उचलून आणला, धुतला, निळ्या काठाच्या गठ्ठ्यावर सगळ्यात वर ठेवला. आणि मला बोटानं एकेक दाखवत सांगितलं. हे दुधाचं. ते मांसाचं. आमच्यात दूध आणि मांस एका भांड्यात चालत नाही.

"फॉर फूड, मिसेस. नॉट फॉर पीपल."

मग म्हणाली, "सिट." मी बसले. अमेरिकेत आल्यापासून मी पहिल्यांदा खुर्चीवर बसून चहा प्यायले. तो दुसरा कप होता. पहिल्याची चव मला आठवत नाही.

तिचं इंग्रजीही तिचं नव्हतं. ती व्हिएन्नाची. घरी जर्मन बोलायचे. ती ज्यू, शनिवार पाळणारी, हे मला त्या दिवशीच्या फोनवरून कळायला हवं होतं, पण मला त्यातलं काय माहीत. आम्ही दोघी मोडकंतोडकं बोलायचो. पुढे मी बऱ्याच दुपारी गेले. मला जेवढं समजलं तेवढं लिहिते.

ती सात वर्षांची होती. बापाचं हातमोजे शिवायचं दुकान. घरात पाच माणसं. एका रात्रीत राज्य बदललं, जर्मनीचं झालं. दुसऱ्या दिवशी रस्त्यावरच्या माणसांनी तिच्या आईला घरातून ओढून खाली आणलं. रस्त्यावर जुन्या सरकारच्या बाजूची चिन्हं रंगवलेली होती. ती ज्यूंनी घासून काढायची. आईला चांगला कोट घालायला लावला आणि गुडघ्यांवर बसवलं. हातात छोटा ब्रश. बादलीतल्या पाण्यात काहीतरी जळजळीत टाकलेलं. आईच्या हातांची सालं निघाली. भोवती गर्दी. लोक हसत होते. एकानं आपल्या पोराला नीट दिसावं म्हणून खांद्यावर घेतलं होतं.

"माय मदर सेज टु मी, डोन्ट लुक," म्हातारी म्हणाली. "आय लुक."

मी तिला विचारलं, "यू क्राय?"

"नो. आय काउंट." मग तिनं बोटांवर मोजत नावं घेतली. हसणाऱ्यांची. वरच्या मजल्यावरचा माणूस. दूध घालणारी बाई. तिची स्वतःची शाळेतली बाई. पंचाऐंशीपेक्षा जास्त वर्षं झाली. एकही नाव चुकत नव्हतं. मी तीन वेगळ्या दिवशी विचारलं, तिन्ही दिवशी तीच नावं, त्याच क्रमानं.

मला आमचे मास्तर आठवले. खडू हातात द्यायचे नाहीत, जमिनीवर टाकायचे. मी उचलायची. त्यांचं नाव मला पाठ होतं. मी ते कधी कोणाला सांगितलं नव्हतं.

तिचा बाप म्हणायचा, एवढ्यावर भागेल. रस्ता धुवून घेतला, आता सोडतील. मग शहाणा होऊन देश सोडायच्या कागदांच्या रांगेत उभा राहिला. पासपोर्ट जमा केला, त्यांनी सांगितलं म्हणून. आज देतो, उद्या देतो. तिला तेवढं एकटीला मुलांच्या आगगाडीत घालून इंग्लंडला धाडलं. गळ्यात नंबराची पाटी. तिचा पासपोर्ट तिनं मला दाखवला. पहिल्या पानावर भलंमोठं एक लाल अक्षर मारलेलं. ज्यू आहे, हे कोणालाही लांबून कळावं म्हणून. इंग्लंडात ज्यांच्या घरी ठेवलं, त्यांची भांडी घासली. आईची पत्रं यायची. मग पंचवीस शब्दांचीच यायला लागली, त्याहून जास्त लिहायची परवानगी नव्हती. मग आली नाहीत. पुढे एका लांबच्या काकानं तिला शिकागोला आणलं.

"व्हेअर इज युवर पासपोर्ट, मिसेस?" तिनं विचारलं.

मी सांगितलं.

 म्हातारीनं ब्लाउजच्या गळ्यातून दोरी ओढून एक कापडी पिशवी बाहेर काढली. त्यात तिचे अमेरिकेचे कागद. इतकी वर्षं नागरिक आहे, तरी अंगावर. आंघोळीला जाताना दारावर टांगते म्हणाली. मला हसू आलं. आमच्या बायका पण सगळं तिथेच ठेवतात. मी माझ्या पोलक्यातून मुलीचा फोटो काढून दाखवला. ती पण हसली. दात नव्हते.

"युवर पेपर, युवर बॉडी," ती म्हणाली. "नो अदर प्लेस."

मी त्या दिवशी काही ठरवलं नाही. शूर झाले, असं कोणी समजू नये. मी घरी गेले, भाकऱ्या केल्या, कप बाहेर पालथा घातला.

घट बसायचा आदला दिवस. पुन्हा शनिवार. सगळे घरात. सासूबाई दारातून बघत होत्या. पायरीवरचा लाल डाग पुरता गेला नव्हता. तीन आठवडे पाऊस पडून गेला तरी नव्हता गेला. त्यांनी गॅरेजमधून तीच बादली आणि तोच ब्रश आणवला.

"उद्या घट बसायचेत. एवढं घासून टाक. तुझाच डाग आहे."

मी पायरीपर्यंत गेले. गुडघे वाकले. सवयीनं वाकले. हात ब्रशवर गेला. तेव्हा मला माझे सोललेले हात दिसले. गौरीच्या दिवशी सालं निघाली होती, ती अजून नीट भरली नव्हती. आणि मी सरळ झाले. का, ते मला सांगता येत नाही. एवढं माहीत आहे की ब्रश बादलीत पडला.

"नाही," मी म्हटलं.

"काय नाही?"

"घासणार नाही. माझा पासपोर्ट द्या."

साहेब बाहेर आले. ताई आल्या. "मावशी, असं काय करता? घरच्यासारखं ठेवलं ना तुम्हाला?"

"घरच्यांचे कप बाहेर नसतात. पासपोर्ट द्या."

साहेब आवाज बारीक करून म्हणाले, "मावशी, नीट विचार करा. बाहेर काय चाललंय माहितेय ना? उचलतील. कुठल्या राज्यात नेऊन ठेवतील, तुमच्या मुलीला पत्तासुद्धा लागणार नाही."

मला ते खरं वाटलं. आजही वाटतं.  पण म्हातारीचा बाप डोळ्यांपुढे होता. आज देतो, उद्या देतो.

"उचलू दे. पासपोर्ट माझ्या हातात असताना उचलू दे."

शेजारचं दार उघडलं. म्हातारी वॉकर घेऊन गवतात आली. या वेळी ओरडली नाही. नुसती उभी राहिली, त्याच जागी. साहेबांनी तिच्याकडे बघितलं. रस्त्यावरून टोप्या घातलेली ज्यू माणसं बायकामुलांसह प्रार्थनेहून परत येत होती. त्यांतली दोघं थांबली.

"देऊन टाक गं," सासूबाई म्हणाल्या. "ब्याद जाऊ दे."

ताईंनी पासपोर्ट आणला. माझ्या हातात दिला नाही. पायरीवर ठेवला, डागाशेजारी. मास्तर खडू टाकायचे तसा.

मी वाकले नाही. म्हटलं, "हातात द्या."

 ताईंच्या मुलीनं तो उचलला आणि माझ्या हातात दिला. "हिअर, मावशी." मी तो पोलक्यात घातला. कपड्यांची पिशवी घ्यायला आत गेले नाही. गवतातून चालत शेजारी गेले.

डाग अजून आहे. म्हातारीच्या खिडकीतून दिसतो.

मी तिच्या मागच्या खोलीत राहते. ती मला कामाला ठेवते म्हणाली, मी म्हटलं आधी कागदाचं बघू. डेव्हनवर एक वकीलबाई बसते. ती म्हणाली, तुम्हाला काय केलं ते सरकारी अधिकाऱ्यापुढे शपथेवर सांगावं लागेल. नावानिशी. मुदत संपायच्या आत तिनं मला इथे राहू द्यावं असा अर्ज घातला. उत्तर आलेलं नाही. मंगळवारी त्या अधिकाऱ्याच्या इमारतीत बोलावलंय. तसल्या इमारतींत गेलेली काही माणसं परत बाहेर आली नाहीत, हे मला माहीत आहे. मला झोप येत नाही. गाडी थांबली की मी पडद्यामागे जाते. म्हातारीनं मला कापडी पिशवी शिवून दिली आहे, ती अंगावर असते.

तिनं कुठल्याही अधिकाऱ्यापुढे ती नावं कधी घेतली नाहीत. विचारणारा भेटला तोवर ती माणसं मरून गेली होती. याचा तिला अजून राग आहे. माझी तिन्ही माणसं, सासूबाई, साहेब, ताई, जिवंत आहेत. त्यांची नावं मी इथे लिहीत नाही. मंगळवारी सांगणार आहे. मास्तरांचं पण सांगणार, त्यांनी विचारलं नाही तरी. उभी राहून सांगणार.

व्हिएन्नातल्या त्या घरात पाच माणसं होती. आई, बाप, आजी, थोरला भाऊ आणि ती. त्यांतली ती एकटी वाचली. ती आत्ता स्वयंपाकघरात बसलीय, चहा थांबलाय म्हणून हाका मारतेय.

आणि शेजारच्या पायरीवरची मी. मी पण अजून आहे.